डागमार थिएटरचे दोन मॅनेजर

चित्रपटाशी संबंधित एखाद्या संस्थेचा प्रमुख बदलायची वेळ आली की आपल्याकडे ठरलेल्या दोन फळ्या पडतात. एक म्हणते, खुर्चीवर कलावंतच हवा, बाबू लोकांना सिनेमातलं काय कळतं? दुसरी म्हणते, कलावंताला हिशेब कळत नाही, आणि कळायला लागला की त्याच्यातला कलावंत संपतो. त्यापेक्षा त्याला त्याचं काम करू द्या आणि कारभार कारभाऱ्यांवर सोडा. २०१५मध्ये एफटीआयआयचा, म्हणजे पुण्याच्या सरकारी चित्रपट-दूरचित्रवाणी प्रशिक्षण संस्थेतल्या विद्यार्थ्यांचा संप झाला तेव्हा हेच झालं. पुढे सरकारी माहितीपट काढणारं फिल्म्स डिव्हिजन आणि पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय एनएफडीसी या सरकारी चित्रपट महामंडळाच्या पोटात घालायचं ठरलं तेव्हाही हेच. आणि दोन्ही फळ्यांना वादाच्या भरात कुठेतरी डेन्मार्क आठवतो. साठेक लाख वस्तीचा देश आणि सिनेमात केवढं नाव! एकाला वाटतं, तिथे दिग्दर्शक संस्था चालवतात म्हणून हे जमलं. दुसऱ्याला वाटतं, तिथे पक्के व्यापारी होते म्हणून जमलं. दोघांनाही डेन्मार्क अर्धाच ठाऊक असतो, आणि नेमका सोयीचा अर्धा.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकतो. माहितीपट करणाऱ्याने खुर्चीत जरूर जावं. इतर चित्रपटकर्त्यांपेक्षा तो तिथे जास्त टिकतो. पण तिथे जाऊन तो काय करेल हे त्याच्या प्रतिभेपेक्षा नेमणुकीच्या अटींवर ठरतं. अधिकार कसला, किती वर्षांचा, पैसा कुठला, आणि मुदत संपल्यावर परतायची वाट आहे की नाही? आपला वाद या प्रश्नांपर्यंत पोचतच नाही. तो माणसाच्या नावापाशी सुरू होतो आणि तिथेच संपतो.

पहिला गैरसमज शुद्धतेचा. माहितीपटकार म्हणजे खांद्यावर कॅमेरा घेऊन एकटा हिंडणारा, कुणाचा मिंधा नसलेला माणूस; तो ऑफिसात गेला म्हणजे बाटला. हे चित्र रम्य आहे, पण डेन्मार्कच्या इतिहासात ते सापडत नाही. कार्ल थिओडोर ड्रायर हा त्या देशाचा सर्वांत मोठा दिग्दर्शक. १९४८ साली त्याने बारा मिनिटांचा एक लघुपट केला. एक जोडपं फेरीबोटीतून उतरतं, बेटाच्या दुसऱ्या टोकाची पुढची बोट गाठायची म्हणून मोटरसायकल सुसाट सोडतं. वाटेत एक विचित्र जुनी गाडी आडवी येते. तिच्या चालकाचा चेहरा मुडद्यासारखा पांढराफटक. ओव्हरटेक करायच्या नादात दोघं झाडावर आदळतात. बोट मिळते, पण शेवटी पाण्यावरून जातात त्या दोन शवपेट्या. ड्रायरचं कुठलंही मोठं काम पाहिलेल्या माणसाला हा हात लगेच ओळखू येईल. आणि हा लघुपट कशासाठी होता? वाहनं सावकाश चालवा, एवढं लोकांना सांगण्यासाठी! सरकारी पैसा, सरकारी विषय, लोकशिक्षणाचा हेतू. त्याच काळात ड्रायरने खेड्यातल्या चर्चवर, थोरवाल्डसेन या शिल्पकारावर, एका मोठ्या पुलावर अशाच सरकारी फिल्म केल्या. माहितीपटकाराला गिऱ्हाईक कायमच असतं: मंत्रालय, सहकारी संस्था, दूरचित्रवाणी, फाउंडेशन. त्याचा एक पाय पहिल्या दिवसापासून ऑफिसात असतो. दुसराही तिथे ठेवला म्हणून त्याने इमान विकलं, हे म्हणणं मला पटत नाही.

आता याच ड्रायरला १९५२ साली खुर्ची मिळाली. त्या काळी डेन्मार्कमध्ये सिनेमा थिएटर चालवायला सरकारी परवाना लागे आणि तो व्यक्तीच्या नावाने मिळे. कोपनहेगनच्या भर चौकाजवळ डागमारहुस नावाची इमारत आहे. युद्धकाळात जर्मनांनी तिथून देशावर हुकमत चालवली. त्याच इमारतीतल्या डागमार थिएटरचा परवाना सरकारने ड्रायरला दिला. देणगी नाही, मानधन नाही, शाल-श्रीफळ तर नाहीच. चालू धंदा दिला: चालव, त्यातून तुझं पोट भर. १९६८मध्ये वारेपर्यंत ते थिएटर त्याच्याकडे होतं.

विरोधकांचा सर्वांत जोरकस मुद्दा इथेच आहे आणि तो टाळता येत नाही. १९५२ ते १९६८ या सोळा वर्षांत ड्रायरचे कथापट किती? दोन. एक १९५५ साली, ज्याला व्हेनिसचा सुवर्णसिंह मिळाला. दुसरा १९६४ साली. आयुष्यभर मनात घोळवलेला येशूवरचा चित्रपट झालाच नाही. मॅनेजरकीने माणूस खाल्ला, असं कुणी म्हटलं तर आकडे त्याच्या बाजूने दिसतात. पण ही बेरीज जरा मागे नेऊन बघा. १९३२ ते १९४३ या काळात ड्रायरकडे थिएटर नव्हतं, हुद्दा नव्हता, कुणी अडवलेलं नव्हतं. या अकरा वर्षांत त्याचे कथापट किती? एकही नाही. जगाने ज्याला गुरू मानलं तो माणूस कोपनहेगनच्या एका वर्तमानपत्रासाठी कोर्टात बसून खटल्यांच्या बातम्या लिहीत होता. १९४५ ते १९५५ पुन्हा दहा वर्षं कथापटाविना. म्हणजे खुर्ची नसताना अकरा वर्षं शून्य, आणि खुर्ची असताना सोळा वर्षांत दोन. हिशेबच करायचा तर खुर्चीच्या बाजूने निघतो. ड्रायरला सिनेमा करू देत नव्हती ती पैसा घालणाऱ्यांची भीती. डागमारच्या तिकिटांनी ती भीती काही गेली नाही, पण पुढच्या होकाराची वाट बघताना घर चालतं राहिलं. ‘कलावंताला मोकळं सोडा’ म्हणणारे लोक मोकळेपणाचं भाडं कोण भरतं याबद्दल सोयीस्कर मौन पाळतात.

ड्रायरनंतर डागमार आलं हेनिंग कार्लसनकडे, आणि माझ्या मते खरी गोष्ट याची आहे. ड्रायर थोर होता, अपवाद होता. अपवादावरून नियम काढू नये. कार्लसन अस्सल माहितीपटवाला. चाळिशीच्या दशकाच्या अखेरीस तो लघुपटांच्या धंद्यात शिरला आणि मागणी तसा पुरवठा करत हात तयार केला. १९६१ साली त्याने म्हाताऱ्या माणसांवर एक फिल्म केली. समोर घडतं ते कॅमेऱ्याने चुपचाप बघत राहायचं, ही रीत डेन्मार्कमध्ये रुजवणाऱ्या पहिल्या फिल्मांपैकी ती एक. पुढच्याच वर्षी दक्षिण आफ्रिकेत जाऊन, वर्णद्वेषी सरकारच्या नाकाखाली चोरून चित्रीकरण करून नादीन गॉर्डिमरच्या कादंबरीवर चित्रपट केला. खरे रस्ते, खऱ्या वस्त्या आणि त्यांत बेमालूम मिसळलेली कथा. १९६६मध्ये नॉर्वेच्या क्नुट हामसुनच्या ‘भूक’ या कादंबरीवरचा त्याचा चित्रपट आला आणि त्यातल्या पेर ओस्कारसनला कानमध्ये सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं. नॉर्वे, स्वीडन आणि डेन्मार्क या तिन्ही देशांचा पैसा त्यात होता. तीन देशांचे करार, तीन देशांचे कायदे आणि तीन देशांच्या रुसव्याफुगव्यांची सोय लावणं हे काम कलावंताचं की कारभाऱ्याचं? मला तरी ती रेषा दिसत नाही.

असा माणूस ऐन चाळिशीत, नाव ऐन भरात असताना, १९६८ साली डागमारचा संचालक झाला आणि १९८१पर्यंत राहिला. तेरा वर्षं. संपला का? त्या तेरा वर्षांत तो चित्रपट करत राहिला आणि खुर्ची सोडल्यावरही. १९८६मध्ये गोगँ या चित्रकारावरचा चित्रपट, डोनाल्ड सदरलंडला घेऊन. नव्वदच्या दशकात पुन्हा हामसुनच्या कादंबरीवरचा चित्रपट. २०११ साली, वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी, मार्केझच्या कादंबरीवरचा चित्रपट. यातलं सगळंच पहिल्या दर्जाचं आहे असं मी म्हणणार नाही. ‘भूक’च्या उंचीला तो पुन्हा पोचला नाही हे मान्य. पण उतार हा थिएटर न चालवणाऱ्या दिग्दर्शकांच्या वाट्यालाही येतोच की. प्रत्येक उताराचं खापर खुर्चीवर फोडायचं तर मग चढाचं श्रेयही तिला द्या.

माहितीपटवाला खुर्चीत जास्त टिकतो असं मी म्हणतो, त्याचं कारण त्याच्या रोजच्या कामात आहे. कथापटाचा दिग्दर्शक ‘अॅक्शन’ म्हणतो आणि शंभर माणसं हलतात. माहितीपटवाल्याचं कुणी ऐकत नाही. समोरच्या माणसाने दार उघडलं तर शूटिंग. नाही उघडलं तर उद्या पुन्हा यायचं. परवानगीसाठी खेटे घालायचे, नकार पचवायचा, तीन माणसांच्या युनिटमध्ये सगळ्यांच्या जेवणाचा खर्चही लक्षात ठेवायचा. मग संकलनाच्या टेबलावर साठ तासांतून एक तास काढायचा, म्हणजे स्वतःचे लाडके एकोणसाठ तास स्वतःच्या हाताने फेकून द्यायचे. संस्था चालवणं यापेक्षा फार वेगळं असतं का? हुकूम चालत नाही, पैसा पुरत नाही आणि बहुतेकांना ‘नाही’ म्हणावं लागतं.

व्यापाऱ्यांच्या बाजूनेही बोललं पाहिजे, कारण डॅनिश सिनेमा उभा केला तो एका व्यापाऱ्याने. ओले ओल्सेन गरिबीतून वर आलेला, जत्रेत खेळ दाखवणारा माणूस. १९०६ साली त्याने नॉर्डिस्क फिल्म काढली. पृथ्वीगोलावर उभं असलेलं पांढरं अस्वल ही तिची खूण, आणि कंपनी आजही चालू आहे. १९०७मध्ये त्याने हागेनबेक या जर्मन प्राणी-व्यापाऱ्याकडून दोन म्हातारे सिंह विकत घेतले, रोस्किल्डेच्या खाडीतल्या एका बेटावर सोडले आणि कॅमेऱ्यासमोर त्यांची ‘शिकार’ केली. न्यायमंत्र्यांची मनाई धाब्यावर बसवून. डेन्मार्कमध्ये फिल्मवर बंदी आली. ओल्सेनने ती बाहेर विकली, २५९ प्रती खपवल्या आणि नॉर्डिस्कचं बस्तान बसलं. (मनाई करणारे न्यायमंत्री अल्बेर्ती महाशय पुढच्याच वर्षी अफरातफरीच्या प्रकरणात स्वतःहून पोलिसांच्या हवाली झाले, हा भाग वेगळा.) १९१०मध्ये ऑर्हुसच्या एका कंपनीचा चित्रपट गाजला, तर ओल्सेनने त्याच नावाचा, जवळपास प्रसंगाला प्रसंग जुळवून दुसरा काढला. धंदा म्हणून बिनतोड! पहिल्या महायुद्धाआधी नॉर्डिस्क जगातल्या बड्या कंपन्यांत गणली जात होती. कुठल्याही प्रामाणिक माहितीपटवाल्याकडून हे झालं नसतं हे मी मान्य करतो.

पण ही गोष्ट इथेच थांबवणाऱ्यांनी पुढचं पान वाचावं. १९१७मध्ये जर्मनीत ऊफा ही बडी चित्रपट कंपनी उभी राहिली आणि नॉर्डिस्कचा जर्मनीतला पसारा तिच्याकडे गेला. बाजार गेला, मागोमाग माणसं गेली. १९२४मध्ये ओल्सेन बाहेर पडला आणि १९२८मध्ये कंपनीचं दिवाळं वाजलं. हिशेब कळणारे लोकही बुडतात. फरक एवढाच की व्यापारी बुडाला की आपण बाजाराला दोष देतो आणि कलावंत बुडाला की त्याच्या स्वभावाला.

अधिकाऱ्यांबद्दल थोडक्यात. १९३५ साली डेन्मार्कच्या परराष्ट्र खात्याने देशाची ओळख करून देणारी फिल्म पौल हेनिंगसेनकडून करवून घेतली. हेनिंगसेन वास्तुरचनाकार आणि लेखक. त्याचे दिवे आजही जगभर विकले जातात. त्याने जाझच्या तालावर सामान्य माणसांचा, कामाधंद्याचा देश दाखवला. किल्ले आणि राजवाडे कुठे गेले म्हणून वर्तमानपत्रांनी झोड उठवली, खातं घाबरलं आणि फिल्मला कात्री लागली. अधिकाऱ्यांनी माणूस अचूक निवडला होता, हे त्यांच्या बाजूने नोंदवायला हवं. पण गदारोळ झाल्यावर ‘ही आम्हीच मागितली होती आणि ती चांगली आहे’ असं म्हणायला जो विश्वास लागतो, तो पडद्यावरचं काम आतून कळल्याशिवाय येत नाही.

आता माझ्या मताला सर्वांत अडचणीचं उदाहरण घेतो. मॅड्स ब्रुगर. उत्तर कोरियात नाटकमंडळीचं सोंग घेऊन शिरणारा, आफ्रिकेत बनावट राजदूत होऊन फिरणारा माहितीपटकार. सनडान्समध्ये दोनदा गौरवलेला. २०११मध्ये रेडिओ-२४सिव्ह हे नवं बोलकं रेडिओ केंद्र सुरू झालं तेव्हा तो त्याच्या कार्यक्रमप्रमुखांपैकी एक झाला. २०१५मध्ये त्या केंद्रावर एका निवेदकाने थेट प्रक्षेपणात सशाचं पिल्लू सायकलच्या पंपाने मारलं. मांस खाणाऱ्या समाजाचा ढोंगीपणा उघडा पाडायचा होता, असं केंद्राने सांगितलं. त्याआधी एकशे आठ वर्षं ओल्सेनने धंद्यासाठी सिंह मारले होते. इथे विचारासाठी ससा. ब्रुगरच्या फिल्मची चिथावणीखोर वृत्ती संस्थेच्या अंगात भिनली आणि त्याचा हा परिणाम, असं कुणी म्हणालं तर मी हुज्जत घालणार नाही. दिग्दर्शकाची खोड एका फिल्मपुरती राहते. तो प्रमुख झाला की ती धोरण बनते. हा धोका खरा आहे.

तरीही त्याच केंद्राने सरकारी रेडिओला घाम फोडला, एरवी माइकजवळ न येणारी माणसं बोलती केली, आणि ब्रुगरने खुर्चीत असतानाच संयुक्त राष्ट्रांचे सरचिटणीस हॅमरशोल्ड यांच्या मृत्यूवरचा माहितीपट केला, जो २०१९मध्ये आला. त्याच वर्षी केंद्र बंद पडलं, आणि ते सशामुळे नव्हे. प्रक्षेपणाच्या परवान्याची मुदत संपली आणि पुढचा परवाना मिळाला नाही. मुदत हा शब्द इथे महत्त्वाचा. ब्रुगरसारखा माणूस आठ वर्षं चालतो, कदाचित हवाच असतो. वीस वर्षं चालला नसता.

डेन्मार्कला हे उशिरा कळलं. ड्रायरचा परवाना ही शेवटी राजाश्रयाचीच तऱ्हा होती. सरकारदरबारी वजन असलेल्याला थिएटर आणि नसलेल्याने बघत बसायचं, अशी कुरकुर परवान्यांच्या त्या पद्धतीवर होतीच. १९७२च्या कायद्याने परवाने मोडीत काढले आणि डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूट उभी केली. तिच्यात सल्लागार नेमण्याची रीत आली. हे सल्लागार चित्रपटाच्या क्षेत्रातूनच येतात. कुठल्या पटकथेला पैसा द्यायचा याची शिफारस एक माणूस, स्वतःच्या जबाबदारीवर करतो. सात जणांची समिती नाही. मुदत तीन वर्षं, फार तर पाच. नंतर बाहेर.

एका माणसाच्या आवडीनिवडीवर सरकारी पैसा? कंपूशाही होणार नाही का? होते. डेन्मार्कमध्येही अशी ओरड झाली आणि ती निराधार नव्हती. उपाय म्हणून त्यांनी सल्लागार हटवले नाहीत. १९८९मध्ये शेजारी दुसरं दार उघडलं. निम्मा पैसा बाहेरून आणा, उरलेला निम्मा सरकार देईल. सल्लागाराच्या पसंतीची गरज नाही. बाजाराला जे चालेल असं वाटतं ते त्या दाराने, सल्लागाराला ज्यात जीव दिसतो ते या दाराने. समितीवाल्यांची अडचण अशी की समितीत नकार कुणाचाच नसतो. ‘सदस्यांचं एकमत झालं नाही’ असं पत्र आलं की भांडायचं कुणाशी? सल्लागाराचा नकार मात्र नावानिशी असतो. पाच वर्षांनी तोच माणूस स्वतःची पटकथा घेऊन आपल्या जागी आलेल्या नव्या सल्लागारापुढे बसतो, बाहेरच्या बाकावर त्याने नाकारलेले दोघंतिघं असतात, आणि हे पुढे होणार हे त्याला पहिल्या दिवसापासून ठाऊक असतं.

हे सगळं आपल्याला परकं आहे का? मुळीच नाही. मुख्य चित्रपटाआधी ‘फिल्म्स डिव्हिजन की भेंट’ ही पाटी येई तेव्हा चणे-दाणे घ्यायला बाहेर रेंगाळणारी पिढी अजून आहे. त्याच फिल्म्स डिव्हिजनमध्ये १९६५च्या सुमारास जाँ भावनगरी पॅरिसहून, युनेस्कोतून दोनेक वर्षांसाठी आले. स्वतः फिल्म करणारा माणूस. त्यांच्या काळात एस. एन. एस. शास्त्री, प्रमोद पती, सुखदेव या दिग्दर्शकांना पेडर रोडवरच्या त्या सरकारी इमारतीत मोकळा हात मिळाला. हुसेन यांच्यासारख्या चित्रकाराला कॅमेरा दिला गेला आणि त्या फिल्मला बर्लिनचं सुवर्ण अस्वल मिळालं. सगळं सरकारी पैशात. पण भावनगरींच्या मागे रीत उभी नव्हती. चांगला माणूस आला, चांगले दिवस आले; माणूस गेला आणि दिवस हळूहळू ओसरले. आणीबाणीत तर सुखदेवसारखा बंडखोरही सरकारचे गुण गाऊ लागला.

एफटीआयआयच्या वादात तर आपण भलत्याच खुर्चीसाठी भांडलो. १३९ दिवस संप चालला तो अध्यक्षाच्या नावावरून. त्या नावाला विरोध करण्यात विद्यार्थ्यांचं काही चुकलं असं मला वाटत नाही. पण अध्यक्ष म्हणजे लग्नातला मामा: मान मोठा, मुंडावळ्या दुसऱ्याच्या. रोजचा कारभार पूर्णवेळ संचालकाकडे असतो, आणि त्या पदावर कोण येतो, कुठल्या केडरमधून येतो, किती काळासाठी येतो, त्याच्या सहीने काय होतं आणि काय अडतं, यावर त्या १३९ दिवसांत किती लेख आले? नंतर अध्यक्ष म्हणून अनुपम खेर आले, शेखर कपूर आले, माधवन आले. सिनेमातली मोठी नावं. कलावंतच हवा म्हणणाऱ्यांची मागणी एका अर्थी पूर्ण झाली. नेमणुकीच्या अटी होत्या तशाच राहिल्या.

एनएफडीसीच्या छत्राखाली आता माहितीपट, बालचित्रपट, महोत्सव आणि संग्रहालय सगळंच आलं आहे. तिथे पुढची नेमणूक निघेल तेव्हा नावावर वाद होईलच, होऊ द्या. पण नेमणुकीचा आदेश मागून घेऊन वाचायला हवा. मुदत किती वर्षांची? माहितीपटाला पैसा द्यायचा की नाही हे एका नावाने ठरणार की समितीच्या इतिवृत्तात विरघळणार? तिथे नकार मिळालेल्याला दुसरं दार कुठलं? आणि मुदत संपल्यावर प्रमुख परत फिल्म करायला जाणार की मंत्रालयातल्या पुढच्या पोस्टिंगवर? यातलं शेवटचं उत्तर ‘पोस्टिंग’ असेल, तर त्या खुर्चीत दिग्दर्शक बसवून फारसं काही साधणार नाही.